काठ न दुमडलेली कापडं

"काठ दुमडल्याशिवाय कापड ट्रेवर घालू नकोस," सासूबाई म्हणाल्या. "दोरा सुटतो. ओल्या फळात गेला की दिसत नाही, आणि फळ वाळलं की निघत नाही."

मी कात्री थांबवलीसुद्धा नाही. "आई, ट्रेच्या आत काठ बघायला कोण येतंय? मापात बसलं म्हणजे झालं."

"बघायला नाही गं येत कोणी. खायला येतात."

मी हसले आणि पुढची चादर टर्रकन फाडली. शेजारी बसलेली मुलगी आधी दचकली, मग त्या आवाजाला खुदकन हसली. तिला हसवायला मी आणखी एक फाडली.

दोन दिवस अवेळी पाणी पडलं होतं आणि तोडणीला आलेली अंजिरं झाडावरच उलली होती. उललेलं अंजीर बाजारात कोणी हातात धरत नाही. दुसऱ्या दिवशी त्याला आंबूस वास सुटतो, तिसऱ्या दिवशी माश्या बसतात, चौथ्या दिवशी ते खड्ड्यात जातं. वाळवायचं तर लगेच वाळवायचं. घरामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये आमचा ड्रायर होता. माणसाच्या उंचीचं कपाट, खाली हीटर, मागे पंखा, आत चाळीस ट्रे. एरवी आम्ही वीसच लावायचो, कारण माल घेणाऱ्या कंपनीने दिलेल्या भोकाभोकांच्या रबरी चादरी वीसच होत्या. ह्या वेळी चाळीस लावले तरी पुरणार नव्हते.

नुसत्या जाळीवर अंजीर ठेवलं की त्याचा पाक तारेवर उतरतो आणि तिथेच घट्ट होतो. मग सोडवताना साल हातात येते आणि गर जाळीत राहतो. तेलाचा हात फिरवावा तर महिन्याभरात माल खवट होतो. पहिल्या दिवशी मी बटर पेपर घालून पाहिला, प्रशिक्षणात दाखवला होता म्हणून. खालून वारा लागेना. अंजिरांची पोटं उकडल्यासारखी पांढरी पडली.

तेव्हा आईंनी पेटीतून जुन्या सुती चादरी काढल्या. धुऊन धुऊन विरल्या होत्या, पलीकडचं दिसावं इतक्या. त्यांनी त्या मोठ्या पातेल्यात उकळल्या, कडक उन्हात वाळवल्या, आणि मापाने कापलेल्या एकेका तुकड्याचे चारही काठ आत दुमडून बारीक टाक्यांनी शिवायला बसल्या. त्यांचा एक तुकडा होईपर्यंत माझे सहा कापून व्हायचे. संध्याकाळपर्यंत विसातले सात झाले. बाहेर क्रेटमध्ये अंजिरं पाणी सोडत होती. मी उरलेली तेरा कापडं तशीच घातली.

कापड घालून काम झकास झालं, हे मात्र खरं. अर्ध्यावर वाळलं की ट्रे बाहेर काढायचा, कापड उलटं करायचं, पाठीवरून ओला बोळा फिरवायचा आणि थोडं थांबायचं. "फळ ओढायचं नाही," आई सांगायच्या, "कापड सोडवायचं." त्यांच्या बोटांखाली कापड साय निघावी तसं निघायचं. त्यांच्यामागून मी माझे ट्रे सोडवायचे. माझ्या कापडांचे काठ पिंजले होते. जे दोरे दिसले ते मी उपटले. काही दिसले आणि तरी राहू दिले, कारण तेवढ्यात मुलगी रडली होती, किंवा पंख्याचा आवाज बदलला होता, किंवा माझी पाठ मोडून आली होती. तीन दिवस आम्ही असे काढले. अंग चिकट, केस चिकट, मुलीच्या गालावरसुद्धा माझ्या बोटांचा पाक.

माल नेण्याआधी कंपनीच्या तपासणीच्या बाई आल्या. केसांवर जाळी, हातात पांढरी बशी आणि चिमटा. त्यांनी मधलंच एक पाकीट फोडलं, अंजीर उलटं केलं आणि चिमट्याने काहीतरी ओढलं. ते लांबत गेलं.

"हे काय आहे?"

"दोरा दिसतोय," माझा नवरा म्हणाला, जसा काही दोरा अंजिरातच उगवतो.

"मलाही दिसतोय. म्हणून विचारलं."

दुसरं पाकीट फोडलं. तिसरं. बशीत नऊ दोरे झाले. बशी पांढरी, दोरे पांढरे, तरी ते मला दारातून दिसत होते.

"ट्रेला काय अंथरलं होतं?"

"कापड," मी म्हणाले.

"कापड चालतं. पण काठ शिवलेलं पाहिजे, हे पहिल्या दिवशी शिकवतो आम्ही. कुणी घातलं?"

फळं वाळवायचं हे केंद्र कंपनीकडे माझ्या नावावर होतं. घरात कॉलेज केलेली मी एकटी, म्हणून प्रशिक्षणाला मी गेले होते, आणि माझ्या नावाचं प्रमाणपत्र शेडच्या भिंतीवर फ्रेम करून लावलं होतं. ते गेलं की ड्रायर बंद. आणि बागेत अजून निम्मी झाडं तोडायची होती. मी तोंड उघडलं. खरंच उघडलं होतं. पण त्यातून काही बाहेर पडायच्या आत मागून आई म्हणाल्या, "मी घातलं. दिसत नाही हो आता पहिल्यासारखं. दुमडायचे राहिले असतील."

सगळे त्यांच्याकडे वळले. त्या पदराला हात पुसत उभ्या होत्या.

तपासणीच्या बाई वाईट नव्हत्या. त्या पुढे गेल्या आणि आईंच्या तोंडासमोर तीन बोटं धरली. "आजी, किती बोटं आहेत?"

आदल्या आठवड्यात ह्याच शेडच्या अंधाऱ्या कोपऱ्यात बसून आईंनी एका दमात सुई ओवली होती. बांधापलीकडे चरणारी शेळी कुणाची, हे त्या कानावरच्या डागावरून सांगायच्या, आणि शेळीवाल्याला ते पटायला जवळ जावं लागायचं. आई त्या बोटांकडे पाहत राहिल्या. मग डोळे बारीक केले, मान जरा पुढे काढली.

"दोन," त्या म्हणाल्या.

माझ्या नवऱ्याने खाली पाहिलं.

बाईंनी तिथेच क्रेटवर कागद ठेवून लिहिलं. एका वयस्कर व्यक्तीची नजर कमी असल्याने चूक झाली, त्यांना कामावरून दूर करण्यात आलं आहे, माल पुन्हा निवडून घ्यावा, केंद्र चालू ठेवण्यास हरकत नाही. "इथे सही करा," त्या मला म्हणाल्या. मी सही केली. सही करताना अक्षर नेहमीसारखंच आलं.

"आई, मला सांगायचंस तरी," नवरा म्हणाला. तो ओरडला असता तर मी बोलले असते. तो इतक्या हळू आवाजात म्हणाला की माझी हिंमत झाली नाही. "उद्यापासून तू शेडमध्ये येऊ नकोस. गरम ट्रे असतात, वायरी असतात. पुरे झालं."

मागच्या मोरीवर मी आईंना गाठलं. त्या पातेलं घासत होत्या.

"असं का केलंत आई?"

"तुझं नाव आहे त्या कागदावर. माझं कुठल्या कागदावर आहे?"

"मी सांगते ह्यांना."

"सांग की. आधी अंजिरं आत जाऊ देत." मग राखेचा हात तसाच ठेवून त्या हसल्या. "आणि तीन बोटांना दोन म्हणणं सोपं नसतं बरं. जीभ वळत नव्हती."

मीही हसले. तेव्हा मला वाटलं, दोन दिवसांचा प्रश्न आहे.

दोन दिवसांनी नवऱ्याने त्यांना चुलीपाशी जाऊ दिलं नाही. "भाजून घेशील. तू बस, ही करेल." ही म्हणजे मी. मी शेडमधून धावत यायचे, भाजी टाकायचे, पुन्हा धावायचे. आई भिंतीला टेकून बसलेल्या असायच्या. आयुष्यात मी त्यांना दिवसा रिकामं बसलेलं पाहिलं नव्हतं. हात मांडीवर उलटे पडलेले, जसे कुणीतरी तिथे ठेवून विसरलं आहे.

मुलगा समोर असला की त्या पेल्याकडे हात नेताना आधी जरा बाजूला नेत, चाचपडत. एकदा त्याने पुढे होऊन पेला त्यांच्या हातात दिला आणि त्यांच्या डोक्यावरून हात फिरवला. लेकराच्या डोक्यावरून फिरवतात तसा. आई पाणी प्यायल्या नाहीत. पेला तसाच धरून ठेवला.

मग मुलीचं आलं. मुलगी तेव्हा चौदा महिन्यांची, नुकतीच पाय टाकायला लागलेली. मी तिच्या बाबतीत भित्री आहे, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. झोपेत तिचा श्वास चालू आहे का हे मी हात लावून बघायचे. माती खाईल, पायरीवरून पडेल, वायर धरेल, ही माझी दिवसभराची जपमाळ. आजपर्यंत शेडमध्ये माझं मन लागायचं ते ती आईंच्या मांडीवर आहे म्हणून.

"तिला आईजवळ एकटीला सोडू नकोस," नवरा म्हणाला. "आईचा दोष नाही, पण पोर पळतं आता."

मी म्हणायला हवं होतं, अहो, त्यांना तुमच्या-माझ्यापेक्षा चांगलं दिसतं. मी म्हणाले, "बरं."

आणि खरोखर उचलून घेऊ लागले. तो अंगणात असला की मी आईंच्या मांडीवरून मुलीला घ्यायचे. "राहू द्या आई, मी घेते." मुलगी त्यांच्या पदराला धरून किंचाळायची. आई एकेक बोट सोडवायच्या, न ओढता. तो नसला की मी मुलगी पुन्हा त्यांच्याकडे द्यायचे. दोन-तीनदा अशी दिली. चौथ्यांदा आईंनी हात पुढे केले नाहीत.

"नको," म्हणाल्या. "तिला कळेना झालंय, मी तिची कधी असते आणि कधी नसते ते."

एका दुपारी त्यांचा पाय उंबऱ्याला अडखळला. माझ्या मनात आलं, खरंच दिसत नसेल तर? आणि मला बरं वाटलं. क्षणभरच, पण छातीवरचं ओझं उतरावं तसं बरं वाटलं. ते आठवलं की अजून कुणाच्या नजरेला नजर देववत नाही.

त्याच आठवड्यात मुलगी हात झटकत रडायला लागली. तळवा लाल झाला होता. मी उजेडात धरून पाहिलं, भिंग लावून पाहिलं, मला काही दिसेना. मी रडकुंडीला आले. आई उठल्या, दाराबाहेर डोकावून मुलगा नाही ना ते पाहिलं, सुई मागितली आणि मुलीचा तळवा आपल्या गुडघ्यावर उताणा धरला. फुंकर घातली. सुईच्या टोकावर केसाहून बारीक कूस आली, क्रेटच्या लाकडाची.

"हे बघ," त्यांनी मला दाखवलं. मला तेव्हाही दिसली नाही. "बाहेर सांगू नकोस हं," म्हणाल्या आणि सुई परत दिली.

मुलगी त्यांच्या मांडीवर हुंदके देत झोपली. मी तिला घेतलं नाही. ती सगळी दुपार मी घेतलं नाही. ट्रे उलटायची वेळ टळली, खालच्या दोन ट्रेमधली अंजिरं कडक झाली, तरी घेतलं नाही. एवढंच काय ते मी त्यांच्यासाठी केलं.

बाग संपली. शेवटचा माल गेला, एकही दोरा निघाला नाही. तेरा कापडांचे काठ मी एकटीने शिवले होते, वेडेवाकडे. आता सांगायला काही अडत नव्हतं. मी रोज सकाळी ठरवायचे. दुपारी वाटायचं, इतके दिवस का गप्प होतीस, असं विचारलं तर काय सांगू? चूक सांगता आली असती. गप्प बसणं सांगता येईना.

आणि नवरा एका जेवणाला आनंदात बसला. "आई, डोळ्यांच्या डॉक्टरांची वेळ घेतली. सोमवारी. मोतीबिंदू असेल तर आता काही वाटत नाही, अर्ध्या तासात काढतात. परत सगळं लख्ख दिसेल."

"कशाला रे?"

"कशाला काय? तू अशी बसून राहतेस, मला बघवत नाही."

आईंनी घास खाली ठेवला. माझ्याकडे पाहिलं नाही. मीच पाहत होते. डॉक्टर डोळ्यांत उजेड पाडणार आणि म्हणणार, ह्यांच्या डोळ्यांना काहीही झालेलं नाही. मग तीन बोटं, मग कापड, मग माझी सही.

"बरं," त्या म्हणाल्या.

शनिवारी सकाळी त्या मला म्हणाल्या, "बहिणीकडे जाऊन येते चार दिवस. तिचा निरोप आलाय."

निरोप आलेला नव्हता. फोन माझ्याजवळ असतो.

"सोमवारी डॉक्टर आहेत आई."

"म्हणून तर."

नवरा खत आणायला गेला होता. मी त्यांची पिशवी भरली. हे मी लिहिते आहे कारण ते लपवता आलं असतं. मी त्यांना थांबवलं नाही, मी पिशवी भरली. दोन लुगडी, टॉवेल, कंगवा, औषधाच्या गोळ्या. फाट्यापर्यंत मुलीला कडेवर घेऊन गेले. आई पुढे चालत होत्या, खड्डे चुकवत, भराभर, इतक्या दिवसांनी कुणासमोर चाचपडायचं नव्हतं म्हणून. लांबून एसटीची पाटी त्यांनी माझ्याआधी वाचली.

"आई, परत कधी?"

"येईन की. डॉक्टरचं विसरू दे त्याला."

त्यांनी मुलीचा पाय हातात धरला, टाच दाबली आणि सोडली. गाडीत त्यांना खिडकी मिळाली नाही. मागच्या काचेतून मला माणसांचे खांदे दिसले, त्या दिसल्या नाहीत.

चार दिवस झाले, आठ झाले. नवऱ्याने मावशींना फोन लावला. मी जवळच होते, मावशींचा आवाज मलाही ऐकू येत होता. "ती? ती दोनच दिवस राहिली रे. इथल्या बाया फळं सुकवायच्या कारखान्यात निघाल्या होत्या, खालच्या भागात, त्यांच्याबरोबर गेली. मला म्हणाली, मुलाला माहीत आहे."

"मावशी, तिला दिसत नाही!"

"कुणाला? अरे, इथे बसून माझे तांदूळ निवडले तिने. मला चष्मा लावून दिसत नाहीत ते खडे काढले."

त्याने फोन ठेवला. मावशींचं त्याला पटलं नव्हतं. म्हातारी माणसं आपली दुखणी झाकतात, असं म्हणाला. मग भिंतीकडे तोंड करून म्हणाला, "मशिनीत हात जाईल गं तिचा. परक्या ठिकाणी पायरी कुठे, दार कुठे, कुणाला विचारेल ती?" आणि माझा धिप्पाड नवरा लहान मुलासारखा तोंड वासून रडू लागला.

तेव्हा मी सांगितलं. उभ्या उभ्या, सगळं. चादर फाडली तिथपासून फाट्यापर्यंत.

तो तोंड पुसत उठला. शेडमध्ये गेला. मी गेले तेव्हा तो ट्रे धूत होता. धुतलेलेच ट्रे. जाळीच्या कोपऱ्यात अडकलेला पाक काडीने खरवडून काढत होता. मी शेजारी बसले आणि एक ट्रे ओढला. त्याने तो माझ्या हातातून काढून घेतला. रागाने नाही, जसं आजाऱ्याच्या हातातून काम घेतात तसं.

खरवडता खरवडता म्हणाला, "मी तिला पेला हातात देत होतो."

"हो."

"आणि तू बघत होतीस."

"हो."

तपासणीच्या बाईंनाही मी फोन केला. त्या ऐकून घेऊन म्हणाल्या, "आता सांगून काय उपयोग, तो कागद पुढे गेला." मग मीच लेखी कळवलं. प्रमाणपत्र परत मागितलं त्यांनी. पाठवून दिलं. भिंतीवर चौकोन राहिला आहे, बाकीच्या भिंतीपेक्षा स्वच्छ. ड्रायरवर पोतं टाकलं आहे.

नवरा दोनदा खालच्या भागात जाऊन आला. तिथे असे कारखाने गावागणिक आहेत, काही परवान्याचे, काही नुसत्या पत्र्याचे. फाटकावरचे लोक नाव विचारतात, यादी बघतात, नाही म्हणतात. आईंनी नाव दुसरंच सांगितलं असेल. खोटं बोलणं त्यांना आमच्या घरात शिकावं लागलं. मुलगी आता पळते. म्हाताऱ्या बाईने हाक मारली की कुठेही थबकते, चेहरा बघते आणि पुढे जाते.

म्हणून हे वाचणाऱ्या तुम्हा सगळ्यांना लिहिते आहे. तुमच्या आसपास फळं सुकवायची शेड असेल तर एकदा आत डोकावा. फाटकावर विचारू नका, आत जा. उंच, सडपातळ, डाव्या कानाची पाळी फाटलेली, सगळ्यांना पोरी म्हणणारी एक बाई ट्रेवर कापडं अंथरत असेल. माझं नाव काढू नका, उठून चालू लागतील. तिथलं काम दहा-बारा तास उभ्याचं असतं. त्यांचे पाय सुजलेत का बघा, घोट्यापाशी बोट दाबून बघा खड्डा पडतो का, कारण विचारलंत तर त्या काही होत नाही म्हणतील. आणि तिथे रिकामा क्रेट असेल तर तो पालथा घालून त्यांना बसवा. बसल्या का, तेवढं मला कळवा.